खिशावरचा फेर

हे माझ्या तोंडून अजून एकदाही बाहेर पडलेलं नाही. सुजाताला, म्हणजे माझ्या बायकोला, माझी कुठली दाढ किडली आहे तेसुद्धा ठाऊक असतं — पण हे नाही. आईला सांगायचं होतं. ती गेली. तुम्ही माझे कोणी नाही, म्हणून तुमच्यापाशी जमेल असं वाटतं. मात्र जरा दमानं घ्या. मी सरळ मुद्द्यावर येईन असा माणूस असतो, तर सांगायची वेळच आली नसती.

मी उल्हासनगरला, कॅम्प पाचला, जीन्सवरची नक्षी करतो. पँटच्या मागच्या खिशावर दोऱ्याचं ते वेडंवाकडं असतं ना — पंख, लाटा, बाण — ते कोणीतरी आधी कॉम्प्युटरवर टाक्याला टाका लावून बसवतं, मग मशीन ते शिवतं. आमच्यात त्याला पंचिंग म्हणतात. ते काम माझं. तुम्ही कदाचित माझ्या नक्षीवर कितीदा बसला असाल. कोणी वळून बघत नाही, आणि मला कधी त्याचं वाईट वाटलं नाही. खिशावरच्या कलेला सही नसते.

राहायला आम्ही बदलापूरला, हेंद्रेपाड्यात. एक खोली, स्वयंपाकघर आणि एक गॅलरी, जिच्यात वडिलांनी हयातभर एक सायकल सांभाळली. वडील अंबरनाथच्या एका कारखान्यात फिटर होते. घर बौद्ध, भिंतीवर बुद्धांची तसबीर, आणि बावीस प्रतिज्ञा वडिलांना अशा पाठ की झोपेत विचारा. अंगारा, गंडा, दृष्ट, उतारा — यातलं काही उंबऱ्याच्या आत आलं की त्यांचा आवाज चढायचा. शेजारच्या काकूंनी एकदा माझ्या मनगटाला काळा दोरा बांधला, तो त्यांनी भर जिन्यात पान्याच्या पेटीतल्या पकडीनं तोडला होता. मी त्या माणसाचा मुलगा. हे लक्षात ठेवा, कारण पुढे मी याच गोष्टीमागे फार लपलो आहे.

आई बारवी धरणाच्या अंगच्या एका गावाची. तिथल्या बायकांना फेर काढता यायचे. फेर म्हणजे तांदळाच्या पिठाची एक रेघ — बोट न उचलता काढायची, निघाली तिथेच आणून मिटवायची. रांगोळी नव्हे. रांगोळी बघायची असते, फेर बघायचा नसतो. तो माणसाच्या मनावर काम करतो. रडक्या पोराच्या पाळण्याखाली निजफेर. घाबरलेल्याच्या अंथरुणाजवळ भयफेर. दोन जावा एका चुलीवर भांडायला लागल्या की चुलीपुढे रागफेर, तो दोघींनी ओलांडायचा. आणि वाटफेर — कोणी दुःखानं बसलं, उठेचना, तर त्याच्यासाठी दारात. त्यावर पाय पडला की माणसाला चालावंसं वाटतं.

वडील म्हणायचे, पिठाची नासाडी आहे. आई म्हणायची, "यात देव नाय, भूत नाय. पीठ हाय नि बोट हाय." यावर वडील पेपर उघडायचे.

दोन हजार तीनच्या सुमाराला वडील गेले. बसल्या जागी, चहा हातात असताना. मिलिंद, माझा धाकटा भाऊ, समोर होता. तो वडिलांचा फार लाडका, आणि खोटं कशाला बोलू, माझाही. त्याने गॅलरीत त्या सायकलशेजारी बैठक मारली ती मारलीच. कॉलेज बुडालं. दाढी वाढली. मित्र आले, खालून हाका मारून गेले. मी रागावून पाहिलं, समजावून पाहिलं. त्याला आमचं ऐकू तरी येत होतं का, कोण जाणे.

एका सकाळी आईने दारातल्या कडप्प्यावर पीठ घेतलं. तिच्या डोळ्यांत तेव्हाच मोतीबिंदू होता, पण फेर ती डोळ्यांनी काढतच नसे. बोट आपलं आपण जायचं. मग तिने मिलिंदला दूध आणायला पिटाळलं. तो कुरकुरत उठला, उंबरा ओलांडला — आणि दुपारनंतर परत आला. चालत अंबरनाथच्या पुढपर्यंत जाऊन आला होता. दूध आणलंच नव्हतं. हसत होता! ताटावर बसून चार भाकऱ्या खाल्ल्या आणि आईला म्हणाला, "अगं, बाहेर केवढं ऊन आहे." मी वडिलांच्या जागेवर बसून हे सगळं बघत होतो. माझा विश्वास बसला का? बसला. त्याच क्षणी बसला. कबूल मात्र केला नाही.

मी आईला म्हटलं, दाखव ना, कसा काढतात. नक्षीवाला माणूस मी, रेघ आवडली होती. तिने ओट्यावर काढून दाखवला आणि लगेच तळव्यानं पुसला. "पुसंल तिथंच काढायचा," ती म्हणाली. "पायाला लागंल तेवढाच चालतो, सांजपावेतो सरतो. सरलाच पायजे. माणूस उठवायचा असतो, हाकलायचा नसतो." आणखी एक सांगितलं — ज्यानं काढला, त्यानंच पुसायचा. दुसऱ्यानं पुसून सुटत नाही.

बघा, मला सगळं सांगितलेलं होतं. माहिती नव्हती, हे मी म्हणू शकत नाही.

त्याच हंगामात शेठ नव्या नक्षीसाठी जीव खात होते. शेठ सिंधी, माणूस दिलदार, पण धंद्यात घाई. "अरे साईं, पूरा मार्केट वही पंख मार रहा है. कुछ नया दे ना, अपना कुछ!" आता, माझ्याकडे आपलं असं काय होतं? मी आठवणीतून वाटफेर पडद्यावर उतरवला. जरासा आडवा केला, कोपरे गोल केले. रेघ कुठे तुटू दिली नाही — ती न तुटणं हीच तिची गंमत होती. दिवसभर त्या रेघेवर टाके बसवत होतो. डोळे तिच्यावरून फिरत होते, पुन्हा, पुन्हा. आणि मग मी खुर्चीवरून उठलो. का उठलो ते मला आठवत नाही. भान आलं तेव्हा मी अंबरनाथच्या शिवमंदिराच्या रस्त्याला होतो. चप्पल कारखान्यातच राहिलेली. पाय भाजत होते, आणि तरी पुढे जावंसं वाटत होतं, खूप छान वाटत होतं.

तिथून रिक्षा करून परत आलो आणि सॅम्पल पीस काढला. हो — त्यानंतर काढला.

शेठना नक्षी आवडली, पण टाके फार. जितके टाके तितका दोरा, तितका मशीनचा वेळ. त्यांनी मध्येच बोट ठेवलं, "यहाँ से काट. दो टुकडा कर दे, कौन देखता है पीछे?" मी काटली. बाजारात जी गेली ती दोन तुकड्यांची नक्षी. ती तोडलेली रेघ — तिच्यात काही नव्हतं, नुसतं डिझाईन. माल चांगला उठला, माझं कौतुक झालं, शेठनी कारखानाभर समोसे वाटले. अख्खा फेर जगात एकाच पँटवर होता. सॅम्पल. तीस कंबर. मिलिंदच्या मापाची.

पहिली पँट मी त्याला प्रेमानं दिली. एवढं मला म्हणू द्या. तो नोकरीच्या मुलाखतींना जात होता, त्याच्याकडे धड एक पँट नव्हती. मनात आलं, थोडा जोर राहील अंगात, पुन्हा गॅलरीत बसायचा नाही. दोरा पुसला जात नाही हे मनात आलं होतं का? आलं होतं. पण वडिलांचा मुलगा ना मी! मी स्वतःला म्हणालो, अरे, दोऱ्यानं कधी कोणाचं डोकं फिरतं का?

मिलिंदला पाण्याचे फिल्टर दारोदार विकायची नोकरी लागली. पहिले काही महिने तर नुसता आनंद होता. जिथे बाकीची पोरं दोन मजले चढून धापा टाकायची, तिथे हा अख्खी सोसायटी उरकून पुढच्या नाक्यावर. साहेब खूश. आई खूश. मग तो रविवारीही जायला लागला. विकायला नाही, असाच. सोनिवलीकडे, तिथून बारवीच्या रस्त्याला. घरी आला तरी जेवताना उभा. बस म्हटलं की बसायचा, आणि बसला की जास्तच बेचैन व्हायचा. कारण बसायचा तो नेमका त्या खिशावर. बाकीच्या पँटी त्याला चावतात म्हणायचा.

हे मला तेव्हाच कळलं होतं. मला ते टप्प्याटप्प्यानं कळत गेल्यासारखं मी सांगतोय, ते सोयीचं आहे म्हणून. कळलं होतं.

मग मी गप्प का बसलो? तेव्हाच माझं लग्न झालं. एक खोली, एक स्वयंपाकघर. आई स्वयंपाकघरात निजायची, आम्ही नवरा-बायको खोलीत, आणि मिलिंद गॅलरीत — मध्ये नुसता पडदा. ज्यांनी असा संसार मांडलाय त्यांना यापुढे सांगायला नको. मिलिंद रात्री उशिरा यायला लागला, कधी यायचाच नाही. सुजाता मोकळेपणी हसायला लागली. मला ते सुख हवं होतं. एवढंच आहे हो. कसली वाईट वासना नाही, वैर नाही. मला पडद्यामागची जागा हवी होती.

एका संध्याकाळी आई वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती. धुणं सुजाता करायची, घड्या आई. तिला दिसत नव्हतं, पण हात फिरवून कोणाचं काय ते ओळखायची. ती पँट तिच्या मांडीवर आली. तिचा हात मागच्या खिशाकडे सरकला, आणि बोट दोऱ्याला टेकलं. बोट रेघेवर चढलं — मी समोर होतो, मी पाहिलं ते. आणि मी झडप घालून पँट ओढून घेतली. "राहू दे आई, मी घालतो घडी." ती चकित झाली. माझ्या उभ्या जन्मात मी कधी रुमालाची घडी घातली नव्हती. "सुनेनं वळण लावलं म्हणायचं," असं म्हणून हसली बिचारी.

वाटलं होतं, इथे तरी मी तो फेर उसवायला घेईन. ब्लेडच्या पातीनं पाच मिनिटांचं काम. काढणारा मी, पुसणाराही मीच हवा. मी घडी घातली आणि पँट मिलिंदच्या पिशवीवर ठेवली.

थोड्याच दिवसांनी तो गेला. भांडण नाही, चिठ्ठी नाही. सकाळी फिल्टरची बॅग घेऊन निघाला, संध्याकाळी बॅग कंपनीत जमा केल्याचं कळलं. पोलिसात कळवलं, नातेवाइकांत फोन झाले. सुजाता खरोखर रडली.

आणि आई? आईनं सरळ स्वतःला दोषी धरलं. तिचं गणित चुकीचं नव्हतं, फक्त त्यातला मी तिला माहीत नव्हतो. वाटफेर तिने काढला होता. गावाकडे जमीन शेणाची, पीठ दिवसभरात मातीत मुरायचं. इथे दारात कडप्पा, आणि त्या कडप्प्याला एक बारीक चीर होती. "त्या चिरेत पीठ राह्यलंय," ती म्हणाली. "फेर सरलाच नाय. माज्या हातून पोरगं हाकललं गेलं." दुसऱ्या दिवसापासून ती रोज सकाळी दारात बसायची आणि जुन्या टूथब्रशनं ती चीर घासायची. काढणाऱ्यानंच पुसायचा ना! त्या चिरेत काही नव्हतं. कधीच नव्हतं. मी कामाला निघताना तिच्यावरून पाय टाकून जायचो. डबा हातात, आणि "आई, येतो" असं म्हणत.

हे वर्षानुवर्षं चाललं. मी पाहिलं, आणि कामाची वेळ झाली म्हणून निघालो. रोज.

मिलिंदचे फोन यायचे, माझ्या मोबाईलवर, कुठल्या कुठल्या पीसीओवरून. कधी मनमाड, कधी सोलापूर. एकदा म्हणाला, "दादा, काम मिळतं रे, चांगलं चालतं. मग पाय ओढायला लागतात. मला वेड लागलंय का?" मी म्हणालो, छे रे, असं काय बोलतोस, घरी ये. म्हणाला, "आलो होतो. आपल्या बिल्डिंगच्या गेटपर्यंत आलो होतो. आई दारात काहीतरी घासत होती, खालून जिन्यात दिसली. वर चढणार होतो, तर पाय वळलेच." फोनवर तो रडत होता. मला एकच वाक्य म्हणायचं होतं — ती पँट टाकून दे. चार शब्द. त्याने लगेच विचारलं असतं, का? त्या "का"साठी मी माझा भाऊ रस्त्यावर ठेवला.

तुम्हाला वाटत असेल, आता संपलं. हेच ते. मलाही कित्येक वर्षं असं वाटायला आवडायचं.

पुढच्या फोनवर त्याचा आवाज बरा होता. म्हणाला, ती पँट पार गेली. गुडघे फाटले, शिवणी उसवल्या, आता टाकावी लागणार. मला घाम फुटला — आनंदानं म्हणेन का? पहिला क्षण आनंदाचाच होता. सुटला! आपोआप सुटला, मला काही बोलावं न लागता. आणि मग तो म्हणाला, "दादा, तसलीच अजून एक मिळंल का? मला तीच बरी वाटते."

त्या वेळी सुजाताला सातवा महिना होता. पाळणा कुठे टांगायचा यावर आमची चर्चा चालली होती, गॅलरीत टांगायचा असं ठरलं होतं. मी त्याला म्हणू शकत होतो, माल संपला. खोटंच सही, एकदा तरी चांगल्या कामाचं खोटं. तोडलेल्या नक्षीच्या पँटींचे ढीग कारखान्यात पडले होते, त्यातली एक पाठवली असती तरी त्याला कळलं नसतं, आणि तो महिन्याभरात घरी आला असता.

मी म्हणालो, पत्ता दे.

अख्खा फेर आता कुठेच नव्हता. मला तो पुन्हा करावा लागला. जेवणाच्या सुट्टीत मी दोन तुकडे पडद्यावर घेतले आणि मधली रेघ जोडली. डोळे बारीक करून, एका वेळी थोडीच बघत, म्हणजे मी स्वतः उठून जाऊ नये. टाके दाट केले. दोरा जाड घेतला. हे सगळं करताना मी काय विचार करत होतो? दोऱ्याचा रंग कापडावर उठून दिसेल का, याचा. ती पँट मी एका लॉजच्या पत्त्यावर कुरिअर केली. त्यानंतर त्याचा फोन आला नाही. आजपर्यंत नाही. तो कुठे आहे, मला माहीत नाही. तो आहे का, तेही माहीत नाही.

आई पुढे अंथरुणाला खिळली. घासणं थांबलं, कारण बसता येईना. मुलगी झाली होती आम्हाला, ती गॅलरीतल्या पाळण्यात. एका दुपारी घरात आम्ही दोघंच होतो. आईनं मला जवळ बोलावलं. म्हणाली, "तू लई शिकलेला, बापासारका. तू मानत नाय. पर खरं सांग — माज्याच हातून झालं ना रं?"

तिनं विचारलं. सरळ विचारलं. डोळे मिटलेले होते, मला तिच्या नजरेला नजरसुद्धा द्यायची नव्हती. दार बंद होतं. मला नुसतं "नाही" म्हणायचं होतं. पुढचं नाही सांगितलं तरी चाललं असतं. पण नुसतं "नाही" म्हटलं असतं तर तिनं विचारलं असतं, मग कोणाच्या?

मी म्हणालो, "आई, तू काही मुद्दाम नाही केलंस. झालं ते झालं. माझ्या मनात तुझ्याबद्दल काही नाही."

तिनं माझा हात दोन्ही हातांत घेतला आणि कपाळाला लावला. मोठ्यांनी लहानाचा हात कपाळाला लावू नये, पण तिनं लावला. आणि मी तो लावू दिला. मी तिला माफ केलं होतं.